अकरा नंबरचा बनियन

अण्णा, तुम्हाला जाऊन एकोणीस वर्षं झाली. या एकोणीस वर्षांत मी तुम्हाला एक ओळ लिहिली नाही, आणि तुम्ही होतात तेव्हाही फारशी लिहिली नव्हती. फोन केला की तुम्ही "हां, बोल" म्हणायचात आणि मी तोंड उघडायच्या आत "आईकडे देतो" म्हणून रिसीव्हर बाजूला करायचात. आज लिहायला बसले आहे ती किळस आली म्हणून. हा शब्द तुम्हाला आवडणार नाही. ताटातल्या भाजीला कुणी नाक मुरडलं तरी तुम्ही त्याला पानावरून उठवायचात. पण गेले तीन आठवडे मी दुसरा शब्द शोधते आहे आणि तो सापडत नाही.

तुमचा नातू एकवीस वर्षांचा झाला. तुम्ही गेलात तेव्हा दोनचा होता. तुम्ही त्याला मांडीवर घेतल्याचं मला एकदाच आठवतं, त्याची मूठ उघडून तुम्ही पंजा निरखलात आणि म्हणालात, "हात मोठा आहे. बॉल धरेल." धरला त्याने. आम्ही तोक्योत ओजिमाला राहतो, सरकारी वसाहतीत, जिथे लिफ्टमध्ये निम्मी माणसं आपल्याकडची भेटतात. मी रोज तोयोसूच्या ऑफिसात जाते, दुसऱ्यांनी लिहिलेल्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधते. तो इथेच वाढला. माझ्या मराठीला जपानीत उत्तर देतो, बापाशी इंग्रजीत बोलतो, आणि मराठी फक्त फार लागलं की बाहेर येतं. सहा फूट दोन इंच उंच आहे. इथल्या एका कॉलेजच्या बास्केटबॉल टीममध्ये तिसऱ्या वर्षाला आहे, आणि या हंगामात त्याला व्हाइस कॅप्टन केलं. टीम काही मोठी नाही, खालच्या डिव्हिजनमधली. पण सप्टेंबरात लीग सुरू होते आणि ऑगस्टभर बंद हॉलमध्ये मुलांचा घाम काढतात, तसा तुम्ही झोनल स्पर्धेच्या आधी तुमच्या कॉलेजच्या पोरांचा काढायचात.

तुमच्या कॉलेजच्या टीमचा तो पहिला हंगाम मला अजून पाठ आहे. मी बारावीत होते. कोर्ट म्हणजे जिमखान्यामागची पडीक जागा. तुम्ही स्वतः तिथे मुरूम पसरलात, रोलर ओढलात, आणि रोज पहाटे स्वतःच्या हाताने फक्की मारलीत. ती पांढरी भुकटी तुमच्या भुवयांवर बसायची आणि तुम्ही नाश्त्यालाही तसेच यायचात. प्रिन्सिपॉल म्हणाले होते, बास्केटबॉल हा कॉन्व्हेंटच्या पोरांचा खेळ, आपली पोरं कबड्डी खेळतील. तुम्ही ते मनावर घेतलंत. जर्सीला मंजुरी नव्हती म्हणून बाजारातून बारा बनियन आणलेत आणि आईने त्यांच्या पाठीवर काळ्या कापडाचे आकडे शिवले, चारपासून पंधरापर्यंत, कारण तेव्हा नंबर चारपासून सुरू व्हायचे. आई रोज रात्री बारा मुठी हरभरे भिजत घालायची आणि सकाळी गुळाच्या खड्याबरोबर डब्यात भरून द्यायची. मला तुम्ही स्कोअरबुक दिलंत. मुलीच्या जातीला पोरांच्या मैदानावर कशाला, असं आत्या म्हणाली, तेव्हा तुम्ही म्हणालात, "तिचं अक्षर चांगलं आहे." इतकं अभिमानाचं वाक्य तुम्ही माझ्याबद्दल पुन्हा कधी बोलला नाहीत. त्यामुळे ती मुलं माझ्या लेखी नंबरच होती. पाच नंबरला फाउल लवकर लागायचे, नऊ नंबर डावखुरा. पहिल्याच मॅचला शहरातल्या कॉलेजने आपल्याला चाळीस पॉइंटांनी धुतलं, आणि आपले जे काही पॉइंट झाले त्यातले निम्मे एकट्या अकरा नंबरचे होते.

अकरा नंबर नदीपलीकडच्या गावातून पहिल्या एस.टी.ने यायचा. वडील साखर कारखान्यात वजनकाट्यावर होते. एवढा उंच मुलगा, पण चालायचा वाकून, दारं सगळी आपल्यासाठी ठेंगणीच असणार असं गृहीत धरल्यासारखा. बॉल हातात आला की मात्र सरळ व्हायचा. तुम्हाला तो आवडायचा, हे मला माहीत आहे. जेवताना तुम्ही दुसऱ्या कुणाचं नाव काढत नव्हतात.

झोनलला आठ दिवस होते. सकाळी तो आल्या आल्या तुमच्याजवळ गेला. "सर, पोट बरं नाही कालपासून." तुम्ही म्हणालात, "पोट घरी ठेवून यायचं." मुलं हसली. मग तुम्ही फेऱ्या लावल्यात, मग उड्या, मग पुन्हा फेऱ्या, आणि तो फ्री थ्रोच्या रेषेवर थांबला आणि ओकला. तुमच्या ताज्या फक्कीवर. हरभऱ्याची सालं दिसत होती. तुम्ही ओरडला नाहीत. तुम्ही कधीच ओरडत नव्हतात, हे सगळे कौतुकाने सांगतात. तुम्ही चालत गेलात, शिट्टी खिशात ठेवलीत आणि म्हणालात, "पूस." तो फडकं शोधायला लागला. "बनियन आहे ना अंगात." त्याने बनियन काढला, गुडघ्यावर बसला आणि पुसलं. मुरमावर काय पुसणार? सगळा लाल चिखल झाला. तो उठला, बनियन हातात लोंबत होता, तो तुमच्याकडे बघत राहिला, आणि तुम्ही म्हणालात, "घाल."

"सर..."

"घाल. आणि दहा फेऱ्या."

त्याने घातला. एन.सी.सी.च्या मुली भिंतीवर बसल्या होत्या, त्यांनी नाकं धरली. कुणीतरी आधी हसलं आणि मग सगळेच हसले. अण्णा, मीही हसले. तोंडावर हात ठेवून नाही, चांगली मोठ्याने हसले. दर फेरीला तो माझ्या टेबलासमोरून जायचा आणि मी स्कोअरबुक नाकाला लावायचे. तुम्ही पाठमोरे होतात, तुम्हाला हे माहीत नसेल. त्याला माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी तो आला नाही. तिसऱ्याही नाही. चौथ्या दिवशी तुम्ही म्हणालात, "नाव काढून टाक," आणि मी पट्टी ठेवून सरळ रेघ मारली. दुपारी जेवताना आई म्हणाली, "त्या पोराला बनियन तरी बदलू द्यायचात." तुम्ही म्हणालात, "तू तुझं चुलीपुढचं बघ." तिने ते बघितलं. पण हरभरे ती बरेच दिवस बारा मुठीच भिजवत होती. उरलेल्या मुठीची उसळ करायची आणि तुमच्या पानात वाढायची, आणि तुम्ही ती खात होतात. टीम फायनलपर्यंत गेली, हरली, पण पहिल्याच हंगामात फायनल म्हणून प्रिन्सिपॉलनी तुम्हाला हार घातला. त्या आठवड्यात तुम्ही मला मनगटी घड्याळ आणलंत. "स्कोअररला वेळ कळला पाहिजे." मी ते लग्नापर्यंत वापरलं.

ही गोष्ट मी तुमच्या नातवाला सांगितली. तो इथल्या सातवी-आठवीत होता, शाळेच्या टीममध्ये मोठी मुलं पाणी भरायला लावायची, फरशी पुसायला लावायची, आणि एक दिवस घरी येऊन म्हणाला, मला नाही खेळायचं. मी पोळ्या करत होते. हातातलं लाटणं तसंच ठेवून मी त्याला आजोबांची गोष्ट सांगितली. कसं मुरमाचं कोर्ट केलं, कसे बनियन शिवले, आणि कसं एका मुलाला पुसायला लावलं, घालायला लावलं, दहा फेऱ्या मारायला लावल्या. तो डोळे विस्फारून ऐकत होता. "मग?" आता या 'मग'ला मी काय सांगणार होते? मी म्हटलं, "मग काय, दुसऱ्या दिवशी तो सगळ्यांच्या आधी मैदानावर हजर. आणि त्या हंगामातला सगळ्यात चांगला खेळाडू तोच झाला." इतक्या सहज आलं तोंडातून की मला स्वतःलाही खोटं वाटलं नाही. पुढे ती गोष्ट मी पाहुण्यांना सांगितली, गणपतीला वसाहतीतले सगळे जमले तेव्हा सांगितली. लोक म्हणायचे, काय माणसं होती त्या काळची. दर वेळी मी मान डोलवायचे.

तीन आठवड्यांपूर्वी दुपारी मी ऑफिसच्या कँटीनमध्ये डबा उघडला, आणि टीमच्या पालकांच्या ग्रुपवर कुणीतरी एक व्हिडिओ टाकला. दोन मिनिटांत काढूनही टाकला, पण मी बघितला होता. बंद हॉल, पॉलिश केलेली लाकडी फरशी, पंख्यांचा घरघराट. एक पहिल्या वर्षाचा मुलगा, बारीकसा, गुडघ्यांवर हात ठेवून ओकत होता. त्याच्यापुढे एक मुलगा उभा होता, पाठमोरा. आईला पाठ ओळखायला नंबर लागत नाही. तो म्हणाला, "फुके." म्हणजे पूस. पोरगं कोपऱ्यातल्या पोछ्याकडे वळलं, तर त्याने त्याच्या शर्टाकडे बोट दाखवलं. आणि पुसून झाल्यावर, अजिबात आवाज न चढवता, म्हणाला, "किरो." म्हणजे घाल. मी त्या दोन शब्दांत तुमचा आवाज ऐकला. मला खरंच ओकारी आली. डबा बंद करून मी बाथरूममध्ये गेले आणि माझ्याच ऑफिसच्या बेसिनवर वाकून उभी राहिले. शेजारची तानाका-सान, म्हणजे आपल्याकडे तानाकाबाई म्हटलं असतं, पाठीवर हात ठेवून विचारत होती, उन्हाचा त्रास झाला का? मी हो म्हटलं.

संध्याकाळी सातला तो आला, बॅग दारात टाकली, हात धुतले, जेवायला बसला. मी वाढलं नाही.

"तू त्या मुलाला काय केलंस?"

त्याला कळलं. "कोणी दाखवलं?" जपानीतच बोलला, मी इथे मराठीत लिहिते.

"मी विचारते आहे."

"आई, ते संपलंय. तो रडलासुद्धा नाही. संध्याकाळी मला थँक यू म्हणाला." मग त्याने माझ्याकडे असं बघितलं की जणू मीच काहीतरी विसरले आहे. "आजोबांनी केलं होतं ना? तूच सांगितलंस. तो मुलगा दुसऱ्या दिवशी सगळ्यांच्या आधी आला. मी वाट बघत होतो, हा येतो का. हा पण आला."

अण्णा, त्याच्या डोळ्यांत लाज नव्हती. काहीतरी जमल्याचा आनंद होता. मी उठून गॅस बंद केला आणि स्वयंपाकघरात भांडी घासत राहिले, घासलेलीच.

दुसऱ्या दिवशी त्याच्या कोचचा फोन आला. फार मऊ बोलणारा माणूस, प्रत्येक वाक्याआधी माफी मागतो. तुम्हाला काळजीत टाकलं, क्षमा असावी. व्हिडिओ बाहेर गेला, हा आमचा निष्काळजीपणा. मी म्हटलं, व्हिडिओचं नाही, व्हिडिओत जे आहे त्याचं बोला. हसल्यासारखा आवाज आला. म्हणाला, "तुमच्या वडिलांची गोष्ट मुलाने आम्हाला सांगितली आहे. मी ती दर वर्षी नव्या मुलांना सांगायला लावतो. आजकाल आम्ही कोच लोक काही करू शकत नाही, लगेच तक्रार होते. मुलांनी मुलांना शिकवलं तर ते मनापासून होतं." म्हणजे हा माणूस बाकावर बसून बघत होता. माझ्या मुलाच्या तोंडून, तुमच्या शब्दांनी, स्वतःचं काम करून घेत होता. "लीग पुढच्या शनिवारी सुरू होते आहे," तो म्हणाला. "सगळ्यांच्या भल्यासाठी थोडं शांत राहू या." मी फोन ठेवला आणि साबणाने कान धुतला. वेडेपणा आहे, पण धुतला.

माझा नवरा चांगला माणूस आहे, तुम्हीच पसंत केलेला. तो म्हणाला, "सॉरी म्हणून टाकू आणि विषय क्लोज करू. पुढच्या वर्षी त्याचे नोकरीचे इंटरव्ह्यू सुरू होतील. इथे एकदा डाग लागला ना, पुसता पुसत नाही." 'पुसता पुसत नाही' असं तो म्हणाला आणि मला हसू आलं, तसलंच जुनं, घाणेरडं हसू. तो घाबरला. "काय झालं तुला?"

रविवारी सकाळी मी मुलाच्या खोलीत गेले. तो बूट पुसत बसला होता. मी म्हटलं, "अकरा नंबर परत आला नाही."

"कोण?"

"आजोबांचा अकरा नंबर. दुसऱ्या दिवशी आला नाही. कधीच आला नाही. मी खोटं सांगितलं."

त्याने हातातला बूट खाली ठेवला. मग मराठीत बोलला. "तू खोटं सांगितलंस?"

"हो."

"मग त्याचं काय झालं?"

"माहीत नाही."

"विचारलं नाही कोणी?"

"नाही."

"तू?"

"मी हसले होते. तो घाण बनियन घालून पळत होता आणि मी हसले होते."

तो म्हणाला, "साइतेइ." इथे तरुण मुलं हा शब्द उठसूट वापरतात, पण त्याचा अर्थ फार वाईट आहे, याहून खालचं काही नाही असा. मला म्हणाला, तुम्हाला म्हणाला की स्वतःला, मी विचारलं नाही. मग त्याने विचारलं, "त्याला नाव नव्हतं?" होतं. रेघ मारताना मी ते वाचलं होतं, स्वतःचं, वडिलांचं, आडनाव. मी सांगितलं. त्याने ते दोनदा म्हणून बघितलं, त्याच्या जपानी वळणाने, 'ळ'ला अडखळत. इथे मी ते लिहीत नाही. तुम्हाला आठवतं का बघा.

त्याच दुपारी आम्ही दोघं त्या पहिल्या वर्षाच्या मुलाच्या घरी, इचिकावाला गेलो. माफी मागायला जाताना इथे मिठाईचा चांगला खोका नेतात. तो कागदात गुंडाळून घेताना दुकानातल्या बाईने हसून विचारलं, कुठला शुभ प्रसंग? त्या मुलाची आई दारातच उभी राहिली. सुपरमार्केटात जेवणाचे डबे भरायचं काम करते, अंगावर अजून तिथला एप्रन होता. आम्ही वाकलो. तिने एप्रनला हात पुसले. मग म्हणाली, "तो म्हणाला, शर्टावर सरबत सांडलं. मी तीनदा धुतला. मी रोज जेवणात हात घालते, मला वास कळत नाही का?" आतून तो मुलगा आला. माझ्या मुलाला बघून तो ताठ झाला आणि कमरेतून वाकला, आणि म्हणाला, "सेम्पाई," वरच्या वर्गातल्याला इथे असं म्हणतात, "त्या दिवशी फरशी खराब केली, माफ करा."

अण्णा, मी आयुष्यात बरीच घाण बघितली आहे. तुमच्या शेवटच्या महिन्यात आईच्या बरोबरीने तुमचं सगळं केलं आहे, आणि तेव्हा मला काही वाटलं नव्हतं. पण त्या दारात, ज्याच्यावर हे झालं तोच पोरगा वाकून माफी मागतो आहे आणि ती माझ्या मुलाला मिळते आहे, हे बघून मला तिथेच खाली बसावंसं वाटलं. माझ्या मुलाचा चेहरा पांढरा पडला होता. तो "नाही, नाही" म्हणत होता, आणि तो लहान मुलगा "कृपा करून कॉलेजला सांगू नका, मला टीममध्ये राहायचंय" म्हणत होता. आईने मिठाईचा खोका माझ्या हातात परत दिला. "माफी नको," ती म्हणाली. "लिहून द्या. काय झालं ते, आणि बघत कोण होतं तेही."

त्याने कॉलेजला लिहून दिलं. दोन दिवस लागले. स्वतःचं लपवलं नाही आणि कोच बाकावर होता हेही लिहिलं. गोष्ट कुठून आली, हे लिहायचं का, असं त्याने मला विचारलं. मी म्हटलं, लिही, आणि आईने खोटा शेवट सांगितला होता तेही लिही. नवरा दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. कॉलेजात चौकशी झाली, तुमच्या वेळी झाली असती तशीच, खुर्च्या गोल मांडून. तुमच्या नातवाला उरलेल्या हंगामासाठी टीमबाहेर काढलं. कोचला 'कडक समज' दिली. शनिवारी लीगची पहिली मॅच होती, ठरल्याप्रमाणे.

मी गेले होते. का गेले, सांगता येत नाही. मुलगा आला नाही. हॉलमध्ये पोरं रांगेत उभी राहून ओरडत होती, पालक टाळ्या वाजवत होते, आणि कोच मला बघून बाकावरून उठला आणि वाकला. खोलवर, व्यवस्थित, पोट आत ओढून. शेजारच्या बाईने विचारलं, "तुमचा मुलगा दुखापतीमुळे नाही ना?" मी म्हटलं, नाही, त्याने वाईट केलं म्हणून नाही. तिने हसून मान वळवली, मी जपानीत काही चुकीचं बोलले असावं असं समजून. तो पहिल्या वर्षाचा मुलगा बाकाच्या टोकाला होता, पाण्याच्या बाटल्या भरत. दुसऱ्या आठवड्यात तोही दिसला नाही. टीम सोडली म्हणे, स्वतःहून. कोचने पालकांच्या ग्रुपवर लिहिलं की त्याच्या निर्णयाचा आम्ही आदर करतो. खाली चाळीस जणांनी अंगठे दिले.

हे सगळं तुम्हाला सांगून काय होणार? तुमच्या श्राद्धाला अजूनही जुने खेळाडू येतात, भाऊ सांगतो. सरांनी आम्हाला घडवलं म्हणतात. घडवलं असेल. चार नंबर पुढे फौजदार झाला, नऊ नंबरचं मोठं दुकान आहे. तुमच्या फोटोला ते वाकून नमस्कार करतात आणि मला तुमची तेव्हाची पाठ आठवते. तुम्ही वाईट होतात असं मला कुणी म्हणायला लावलं तर माझी जीभ वळणार नाही. पण मला तुमची शिसारी येते, आणि माझी त्याहून जास्त, कारण तुम्ही ते एकदा केलंत आणि मी ते आठ वर्षं गोड करून वाढत राहिले. तुमच्या नातवाने संध्याकाळचं काम धरलं आहे, स्टेशनजवळच्या कोन्बिनीत, म्हणजे चोवीस तास उघडं असतं त्या छोट्या दुकानात. पुढच्या हंगामात टीममध्ये परत जाणार का, विचारलं तर खांदे उडवतो. माझ्याशी मराठीत थोडं जास्त बोलतो हल्ली. प्रेमाने बोलतो असं नाही. तपासून बघतो, मी खरं सांगते का.

हे पत्र कुठे पाठवायचं नाहीच आहे. पण एक राहिलं. हे मी दोनदा लिहायला घेतलं. पहिल्यांदा ठरवून तुम्हाला 'तू' म्हटलं. 'तू त्याला तो बनियन घालायला लावलास,' असं सुरू केलं. एवढी किळस येते आहे तर आदराने कशाला बोलायचं, म्हटलं. चार ओळी चांगल्या झाल्या होत्या. तेवढ्यात दार उघडलं, जड पावलं वाजली, आणि तुम्हीच आलात असं वाटून मी दचकून कागद उलटा केला. मुलगा कामावरून आला होता. तो आत गेला. मग मी नवा कागद घेतला आणि 'तुम्ही' लिहिलं. पन्नाशीला आले, अण्णा, आणि अजून तुम्हाला भिते.